दुसरा मंगळवार

फेब्रुवारी, दुसरा मंगळवार

चि. भिंगरीस,

कॉम्प्युटर सध्या स्वतःतच गुंतला आहे. निळ्या पडद्यावर पांढरे ठिपके गोल गोल फिरताहेत आणि खाली सूचना आहे की काम चालू आहे, बंद करू नका. मी कशाला बंद करतोय. तो हाताशी नाही म्हणून बऱ्याच दिवसांनी शाईचं पेन काढलं. निब वाळली होती, वाटीभर कोमट पाण्यात बुडवून ठेवली, तेव्हा कुठे लिहायला तयार झाली. हे पत्र किती मोठं होईल ते माझ्या हातात नाही. ठिपके थांबले की मीही थांबणार.

तुला नवल वाटेल, पण आज मी आपण होऊन बटण दाबलं. इतकी वर्षं ती चौकट कोपऱ्यातून वर यायची आणि मी 'नंतर आठवण करा' म्हणायचो. ती निमूट खाली जायची, दुसऱ्या दिवशी पुन्हा यायची. इतकं मुकाट्याने ऐकून घेणारं या घरात दुसरं कोणी नाही. मागच्या खेपेला तूच तिला आत घेतलंस. आज मी म्हटलं, ये बाई, काय करायचं ते कर.

तुझी आई म्हणते, "पत्र कसलं लिहिताय, फोन उचला की." पण फोनवर माझं आणि तुझं काय बोलणं होणार? तू रविवारी आईला फोन करतेस तेव्हा ती स्वयंपाकघराचं दार लोटून घेते. मी बाहेर पेपर वाचत बसतो. पेपर उलटा धरलेला नाही ना, एवढं अधूनमधून बघून घेतो.

तेव्हा पत्राला कारण हवं म्हणून एक प्रश्न विचारतो. जगभरच्या कॉम्प्युटरांची डागडुजी करणारी तुम्ही माणसं दर महिन्याचा दुसरा मंगळवारच का धरता? आणि दर महिन्याला कशासाठी? एकदाच काय ते नीट बांधून का देत नाही?

प्रश्न विचारला खरा, पण उत्तर मला येतं असं वाटतं. तू लहान असताना विचारायचीस, बाबा पाणीखात्यात काय करतात, आणि आई सांगायची, जमिनीला कान लावतात. तिने थट्टा केली तरी खोटं नव्हतं. हातात लांब दांडी, तिचं एक टोक रस्त्यावर, दुसरं कानाशी. शहर जागं व्हायच्या आत रस्त्याखालचं पाणी ऐकायचं. नळातून सरळ जाणारं पाणी गाणं म्हटल्यासारखं जातं. फटीतून निसटणारं कुजबुजतं. ती कुजबुज जिथे ऐकू येईल तिथे खडूने फुली मारायची, की माझं काम झालं.

फुली मारली म्हणून लगेच खणत नसत. आठवड्यातला एक वार ठरलेला होता, त्या दिवशी पाणी बंद. लोक आदल्या दिवशी बादल्या, पिंपं, पातेली भरून ठेवायचे. रोज उठून बंद केलं असतं तर लोकांनी आम्हालाच पाइपात घातलं असतं. आणि पाइप काही आमच्या अडाणीपणाने गळत नव्हते. जमीन हलते, वरून गाड्या जातात, सांधे झिजतात. शहर चालू आहे तोवर गळती आहे. तुमचंही असंच असावं. महिनाभर कान लावून फटी शोधायच्या, ठरल्या वारी सगळ्या एकदम बुजवायच्या, आणि तेवढा वेळ पाणी बंद. बरोबर आहे का ते कळव. कळवलं नाहीस तर बरोबर आहे असं धरून चालेन.

साठ टक्के झाले आहेत. ठिपके बघता बघता मला आमचा चौथीचा वर्ग दिसायला लागला. खिडकीतून ऊन तिरकं आत यायचं आणि त्यात खडूची भुकटी अशीच सावकाश गिरक्या घ्यायची. गुरुजी फळ्याजवळ. एकदा खिडकीची काच फुटली, नवी येईपर्यंत आठवडा गेला, तर त्यावर त्यांनी आम्हाला कविता करून दिली.

फुटक्या काचेमधुनी वारा
वर्गामध्ये हळूच आला
पाटीवरची धूळ उडाली
बेरिज अमुची पुसून गेला

ही कुठल्या पुस्तकात सापडायची नाही. गुरुजींची एकही सापडायची नाही. फळ्यावर लिहायचे, आमच्याकडून चालीवर म्हणून घ्यायचे, आणि घंटा झाली की हाताने पुसून टाकायचे. ओल्या फडक्यानेसुद्धा नाही. मनगटापर्यंत पांढरे होऊन घरी जायचे. मी निवृत्त झाल्यावर, आठवतील तेवढ्या कविता एका बोटाने टाइप केल्या. त्या फाइलीचं काय झालं ते तुलाही ठाऊक आहे आणि मलाही. तो विषय या पत्रात काढायचा नाही असं मी ठरवलं आहे.

ठिपके थांबले.

तुझा
बाबा


मार्च, दुसरा मंगळवार

चि. भिंगरीस,

ठिपके सुरू.

मागचं पत्र पोचलं, असं आईकडून कळलं. मी विचारलं, "काय म्हणाली?"

"मिळालं म्हणाली."

"आणखी?"

"आणखी काय? पत्र होतं ते, पार्सल नव्हतं. मिळालं म्हणाली."

ठीक आहे. मी आपला लिहितो.

गेल्या आठवड्यात मी खाली संगणकवालीकडे गेलो होतो. किल्लीवाला आणि शिंपी यांच्यामध्ये तिचं बोळकांडीएवढं दुकान आहे, तुला माहीत नसेल, नवीन आहे. कपाळावर भिंग अडकवून बसते, आणि भिंग वर असलं तरी आपल्याकडे तिसऱ्या डोळ्याने बघतेय असं वाटतं. ती फाइल मी पेनड्राइव्हच्या छोट्या कांडीत घालून नेली होती. तिने उघडली. पडद्यावर तेच, जे ऑगस्टात दिसलं होतं. इंग्रजी अक्षरं, पण कोणाच्या डोक्यावर टोपी, कोणाच्या पायाला शेपूट, मध्येच आकडे, मध्येच कंस. सबंध पान गावभरच्या खिळ्यांनी भरल्यासारखं.

"काका, शिव्या आहेत का ह्या?"

"कविता आहेत."

"कुठल्या भाषेत?"

"आपल्याच."

तिने भिंग डोळ्यांवर ओढलं, जणू त्याने वाचता येणार होतं. मग हसली. "जुन्या फॉन्टमध्ये टाइप केलंत तुम्ही. त्या काळी सगळे करायचे. आत इंग्रजी अक्षर, वरून आपल्या अक्षराचा मुखवटा. आता नव्या अपडेटने ते फॉन्टच बंद करून टाकलेत."

"का?"

"त्यांतून चोर शिरत होते."

"अक्षरांतून?"

"चोराला काय काका, दार असो, खिडकी असो, अक्षर असो. फट मिळाल्याशी मतलब. कोणी तरी असा वाकडा फॉन्ट बनवायचा, फाइलीत घालून पाठवायचा. तुम्ही भोळेपणाने फाइल उघडली, कॉम्प्युटर ते अक्षर काढायला गेला, की पाठोपाठ हा आत."

"मग माझ्या कविता पुसल्या गेल्या?"

"पुसल्या कुठे? ह्या काय समोर आहेत. फक्त मुखवटा गेलाय." आणि वर म्हणाली, "हे आता परत वाचता यायचं नाही, नव्याने टाइप करून काढा. आणि या वेळी एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा काका. तुमचं सगळं एकाच कपाटात."

मी जिना चढून वर आलो आणि खुर्चीत बसून राहिलो. पुसल्या गेलेल्या नाहीत. सात महिने मी त्या पुसल्या गेल्या असं धरून बसलो होतो.

ऑगस्टात तू चार दिवसांसाठी आली होतीस. माझा कॉम्प्युटर बघून तू कपाळावर हात मारलास आणि म्हणालीस, "बाबा, हे घर नाही, धर्मशाळा आहे, कोणीही यावं." दुपारभर बसून साचलेले सगळे अपडेट तू घातलेस. संध्याकाळी मी फाइल उघडली, तर हे खिळे. त्यानंतर मी काय म्हणालो ते मला शब्दन्‌शब्द आठवतं. मी म्हणालो, तू गुरुजींना पुसलंस. तू काय म्हणालीस ते मात्र पुरतं आठवत नाही. "बाबा, दोन मिनिटं ऐका", एवढं आठवतं. तुला खुर्चीवरून मी उठवलं हेही. रात्रीची गाडी तू संध्याकाळीच गाठायला निघालीस.

त्या दोन मिनिटांत तू हेच सांगणार होतीस का, जे मला परवा दुकानात कळलं?

आज अपडेटचं काम लवकर आटपतंय. मागचे साठलेले नाहीत म्हणून असेल. जाता जाता दुसरा प्रश्न. आमच्याकडे फुली मारली की ती सगळ्यांना दिसायची. मंगळवारी तुम्ही जाहीर करता की अमुक ठिकाणी फट होती. मग ज्यांनी अजून 'नंतर' म्हटलं आहे, त्यांच्याकडची फट चोरालाही कळत नाही का? म्हणजे बुधवारपासून 'नंतर' म्हणणं हे सोमवारच्या 'नंतर'पेक्षा जास्त वाईट. हे मला आंघोळ करताना सुचलं. बरोबर असेल तर मला शाबासकी दे.

बाबा


एप्रिल, दुसरा मंगळवार

चि. भिंगरीस,

आज ठिपके नाहीत. का नाहीत ते शेवटी सांगतो, कारण तुला ते आवडणार नाही, आणि मला आधी थोडं सुखाने लिहायचं आहे.

समोरच्या घराच्या भिंतीवर सकाळचं ऊन आलं आहे. खालच्या रस्त्यावर कोणी तरी गालिचा झटकतंय. मी चहाचा कप बाजूला ठेवून गुरुजींच्या कविता वाचतो आहे. हो, वाचतो आहे. स्वच्छ, काळ्या, ठसठशीत अक्षरांत. 'शाईची दौत', 'पायरीवरचं मांजर', 'गैरहजर मुलगा'. तुला 'गैरहजर मुलगा' आठवते का? तू तापात होतीस तेव्हा मी म्हणायचो आणि तू म्हणायचीस, बाबा, हा मुलगा मीच ना.

काल दुपारी वाचता वाचता डोळा लागला. स्वप्नात मी त्याच वर्गात, पण म्हातारा, बाकावर गुडघे मावेनात. गुरुजी फळा पुसत होते आणि पुसलेलं अक्षर खाली न पडता हवेत तरंगत होतं. मी हात वर केला, गुरुजी, हे धरून ठेवू का? ते म्हणाले, तुला कशाला धरायला सांगितलं, तुला म्हणायला सांगितलं होतं. जागा झालो तर तुझी आई कपड्यांच्या घड्या घालत होती.

"कोणाशी बोलत होता?"

"गुरुजींशी."

"मेलेल्यांशी बरं जमतं तुमचं," ती म्हणाली. "जिवंत आहेत त्यांनी काय घोडं मारलंय?"

मी घड्यांतल्या उशीच्या अभ्र्याकडे बघत राहिलो.

त्या वाऱ्याच्या कवितेचं दुसरं कडवंही वाचलं. ते असं.

काच नवी ती बसली तेव्हा
वर्ग उबेचा, वारा दारी
. . . . . . . . . . . .
आत घेतला त्यास दुपारी

ही टिंबं माझीच. टाइप करतानाच ती ओळ आठवली नव्हती. आठवली की घालू म्हणून जागा ठेवली. तीन ओळींवर कविता लंगडत उभी आहे, आणि चौथीपर्यंत पोचताना मी दर वेळी त्या खड्ड्यात पडतो. काय झालं दुपारी? कोणी घेतलं आत? कधी कधी दात घासताना अगदी जिभेवर येते आणि चूळ भरली की जाते.

आता सांगतो. मी अपडेट काढून टाकला.

संगणकवालीने केलं नाही, तिला बोल लावू नको. ती म्हणाली असती की काका, वेड लागलं का. मी एकट्याने केलं. खाली-वर फिरता फिरता एक यादी सापडली, त्यात महिनावार सगळे अपडेट होते आणि शेजारी 'काढा' असं बटण. ज्यावर अक्षरांचा उल्लेख होता तो काढला. यंत्र बंद होऊन चालू झालं आणि गुरुजी परत आले. मला इतका आनंद झाला की मी आईला हाक मारली, आणि ती आली तेव्हा काय सांगावं ते सुचेना म्हणून चहा मागितला.

आणि आता ती चौकट पुन्हा आत येऊ नये म्हणून मी सगळंच थोपवून धरलं आहे. महिनाभराची मुदत मिळते. तेवढ्यात कविता पुन्हा नव्या अक्षरांत टाइप करून काढीन म्हणतो. रोज दोन. मात्र खरं सांगू, बसतो टाइप करायला आणि वाचतच राहतो. एका महिन्यात कोणता चोर यायचाय? पाणीखात्यात आम्हीही कधी कधी एखादी फुली पुढच्या आठवड्यावर टाकायचो.

कधी कधी तो रस्ता खचायचाही. हे तुला सांगायला नको होतं.

बाबा


मे, शुक्रवार

चि. भिंगरीस,

आज मंगळवार नाही, पण ठिपके फिरताहेत. तू सांगितलंस ते केलं. नंतर नाही, आता.

काय झालं ते माझ्या बाजूने लिहितो, तुझी बाजू मला आईच्या फोनवर वाचायला मिळाली आहे.

सोमवारी मला एक निमंत्रण आलं. निवृत्तांच्या मंडळाचं, नक्षीदार अक्षरांत. म्हणजे तसं वरती लिहिलं होतं. उघडलं तर पान कोरं. मी म्हटलं, मंडळ आहे, विसरले असतील मजकूर घालायला, त्यांचं सगळं असंच असतं. मी पुन्हा गुरुजींकडे वळलो. मंगळवारी सकाळी दाताच्या डॉक्टरांचा फोन. "तुम्ही पाठवलेली फाइल उघडत नाही हो." मी कोणतीही फाइल पाठवली नव्हती. मग किल्लीवाल्याचा. मग तुझ्या आत्याचा, ती तर घाबरलेली. "दादा, तुझी तब्येत बरी आहे ना? तू मला सॉरी का म्हणतोस?"

माझ्या पत्त्यांच्या वहीतल्या प्रत्येकाला माझ्या नावाने एकच मेल गेला होता. वर 'सॉरी'. खाली फाइल.

संगणकवालीने जिना चढून येऊन यंत्राची तार उपटली आणि माझ्याकडे अशी बघत राहिली, जणू मी चौथीतला. "काका, फॉन्ट परत आणलात?"

"आणला."

"दिसत होता छान?"

"छान दिसत होता."

"मग झालं तर," ती म्हणाली आणि स्वच्छ करायला घेऊन गेली. काल आणून दिलं.

आणि बुधवारी तुझा निरोप आला. आईने तो मला वाचून दाखवला नाही. फोन माझ्या हातात दिला, म्हणाली, "तुमच्यासाठी आहे, तुम्हीच वाचा," आणि या वेळी स्वयंपाकघराचं दार उघडं ठेवून आत गेली. तो निरोप मी इथे उतरवून काढतो. फोनवरचं कधी नाहीसं होईल त्याचा आता मला भरवसा नाही.

"बाबा, काल तुमच्या नावाने मेल आला. वर एकच शब्द, सॉरी. असल्या फाइली उघडू नका हे लोकांना सांगणं, हीच माझी नोकरी आहे. हा मेल तुमचा नाही हेही कळत होतं, तुम्ही आयुष्यात कोणाला सॉरी म्हटलेलं नाही. तरी मी उघडली. ऑफिसने माझा कॉम्प्युटर तपासायला नेलाय आणि टीममधले सगळे मला दिवसभर कॉफी आणून देताहेत, म्हणजे हसताहेत. तुमची तिन्ही पत्रं मिळाली. मंगळवारचं तुमचं उत्तर बरोबर, बुधवारचंही बरोबर. अपडेट परत घाला, नंतर नाही, आता. आणि एक सांगायचं राहिलं होतं. अक्षरांमधली ती फट मीच शोधली. त्या जुन्या फॉन्टांकडे कोणी बघायला तयार नव्हतं. मी बसले कान लावून, कारण आमच्या घरी एक माणूस अजून त्यात लिहितो. कविता मी नव्या अक्षरांत आणून देणार होते. दोन मिनिटं तेवढ्यासाठीच मागितली होती."

भिंगरी, मी हे तीनदा वाचलं आणि बाल्कनीत जाऊन उभा राहिलो. खाली किल्लीवाला किल्ली घासत होता. त्याचा तो बारीक कर्कश आवाज आज मला चक्क गोड लागला.

खरं तर आता मी तुला तो शब्द लिहायला हवा. पण बघ, चोराने तो माझ्याआधी उचलला आणि गावभर वाटला. दाताच्या डॉक्टरांनाही दिला. तोच मी आता तुझ्यापुढे ठेवला तर तुझ्या हातात पुन्हा तो प्रश्न, हा खरा कुणाचा. तेव्हा जे चोराला सुचलं नसतं ते लिहितो.

कॉम्प्युटरसमोरची खुर्ची मी पुसून ठेवली आहे. तिच्यावर मी बसत नाही, बाजूला स्टूल घेतलं आहे. स्टुलावर पाठ दुखते. दोन मिनिटं हवी होती ना तुला? तू ये, हवी तेवढी घे. मी ऐकेन. मध्ये बोललो तर आईला सांग, ती माझं तोंड बंद करण्यात तरबेज आहे.

ठिपके थांबले. फाइल उघडून पाहिली. खिळे परत आले आहेत. या वेळी मी त्यांच्याकडे बराच वेळ शांतपणे बघत बसलो. बघता बघता बोटं आपोआप हलायला लागली. कारण प्रत्येक खिळा म्हणजे मी कधी तरी दाबलेली एक कळ. 'पायरीवरचं मांजर' बोटांनी टेबलावर निम्मी वाजवली. आई म्हणाली, "आता हे काय नवीन?" मी म्हटलं, वाचतोय.

बाबा


जून, दुसरा मंगळवार

चि. भिंगरीस,

हे पत्र मी टपालात टाकणार नाही. टाकायला कुठे जाऊ? तू पलीकडच्या खोलीत बसली आहेस.

पण दुसरा मंगळवार आला की माझा हात पेनाकडे जातो, त्याला मी काय करू. शिवाय तू मला आत येऊ देत नाहीस. "बाबा, मागे उभे राहू नका, माझं लक्ष जातं." चौथीत मी गुरुजींना हेच म्हणू बघायचो, धीर झाला नाही.

काल संध्याकाळी तू आलीस. जिन्यात तुझी पावलं मी आधी ओळखली आणि आईने नंतर, पण दार तिने उघडलं. तू पिशवी ठेवलीस, माझ्याकडे बघितलंस, म्हणालीस, "वाळलात." मी म्हटलं, "तू जाड झालीस." आई म्हणाली, "झालं का दोघांचं? मग जेवायला बसा." तुझ्या-माझ्या भांडणाचा निकाल लागायला दहा महिने लागले आणि समेट एवढ्यात उरकला. काही तरी राहून गेलं असं मला जेवताना वाटत होतं.

आज सकाळी तू आधी या महिन्याचा अपडेट घातलास. मला शेजारी बसवून दाखवलंस की काय काय आलंय. कुठे एक खिडकी लागत नव्हती ती लागती केली, कुठे कोणाला न विचारता कोणी दार लोटत होतं त्याला कडी घातली. या महिन्यातल्या दोन फटी तुमच्या टेबलावरच्या, असं म्हणालीस आणि उगाच कॉम्प्युटरचा उंदीर हलवायला लागलीस. मी विचारलं, "कुजबुजतात का त्या?" तू थोडा विचार केलास. "कुजबुजतात," म्हणालीस. "पण बाबा, तुम्हाला दांडी तरी होती."

मग तू मला बाहेर काढलंस आणि कामाला लागलीस. तू एक लहानसा प्रोग्रॅम लिहिते आहेस, असं सांगितलंस. एका बाजूने खिळे आत, दुसऱ्या बाजूने नवी अक्षरं बाहेर, आणि ही अक्षरं कोणाच्याही कॉम्प्युटरवर दिसतील, मुखवट्याशिवाय. आणि एक प्रत तुझ्या घरी जाईल. मध्येच तुझा आवाज येतो.

"बाबा, शाईची दौत 'सांडली' की 'सांडते'?"

"सांडली."

"मांजराला शेपटी दोन वेळा आलीय."

"एकदाच आहे. मांजर एकच होतं."

आई स्वयंपाकघरातून म्हणते, "दोघं एका खोलीत बसलात तर ओरडावं लागणार नाही." पण मला असंच बरं वाटतंय. मध्ये भिंत, भिंतीत उघडं दार, आणि दारातून तुझ्या बोटांचा टकटक आवाज. मी इथून तो ऐकतो. सरळ वाहतंय. कुठे गळत नाही.

दुपार झाली. समोरच्या भिंतीवरचं ऊन खाली सरकलंय. तुझा हात थांबला.

"बाबा."

"काय?"

"वाऱ्याच्या कवितेत टिंबं आली आहेत. माझं काही चुकलं का? एक ओळ पडली वाटतं."

"तुझं नाही चुकलं. माझ्याकडूनच पडली आहे, टाइप करतानाच. आठवत नाही."

"आठवत नाही म्हणजे?"

"म्हणजे गेली. गुरुजी गेले, वर्गातले कोण कुठे आहेत माहीत नाही. ती टिंबं तशीच ठेव. तीन ओळी आहेत त्या पुष्कळ झाल्या."

मला वाटलं तू पुढच्या कवितेकडे गेलीस. मी हे लिहायला लागलो. आणि मग त्या दारातून, टकटक न होता, तुझा आवाज आला. बोलण्याचा नव्हे, चालीवरचा. तीच आमची शाळेतली चाल, चौथ्या मात्रेवर जराशी टेकणारी, जी मी तुला खांद्यावर घेऊन या घरभर फिरताना म्हणायचो, तेव्हा तुला अक्षरओळखही नव्हती आणि मी ती ओळ अजून विसरलो नव्हतो.

"कुणीतरी मग दार उघडले," तू म्हणालीस. आणि थांबलीस, माझ्यासाठी.

आई हातातलं भांडं तसंच धरून स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात आली. पेनातली शाई संपत आली आहे, शेवटची ओळ लिहून न काढता उठूनच तुला सांगायला येतो. आत घेतला त्यास दुपारी.